अठरावा रोट

जिजी, काल सकाळी भगवान आला होता. तुझा हा मुलगा कधी दार वाजवत नाही, कडी हलवून थेट आत येतो आणि माझ्या खाटेवर बसतो. काल मात्र चपला बाहेर काढून उंबऱ्याशीच उभा राहिला. नागपंचमी चार दिवसांवर आलीय, तिच्यानंतरच्या रविवारी तुमच्या घराण्याची कानबाई देवी बसायची, आणि तुला जाऊन अजून दीड महिनाही झालेला नाही. मला वाटलं, औंदा सण नाही एवढंच सांगायला आला असेल. पण तूच जाता जाता बजावून गेली होतीस म्हणे, माझ्यापायी कानबाई अडवू नका म्हणून. खाली मान घालून तो म्हणाला, "सर, आबा सांगतस रोट व्हतीन. मुठी कितल्या धरूत? तुमनी धरू का नको?"

मी त्याला उद्या सांगतो म्हणालो. साधं हो किंवा नाही म्हणायचं होतं, जिजी, आणि बावीस वर्षं पोरांना शिकवणाऱ्या माणसाला ते जमलं नाही. आज संध्याकाळपर्यंत उत्तर द्यायचं आहे, कारण उद्या गहू निवडायचे आहेत. म्हणून शाळा सुटल्यावर दार लावून तुझ्याशी बोलायला बसलोय. भाषण देत नाही, घाबरू नकोस.

आणि हो, तुला 'तू' म्हणतोय. अकरा वर्षं तुझ्या खोलीत भाड्याने राहिलो, तुला 'तुम्ही' म्हणत राहिलो, आणि तू दर वेळी मागे वळून बघायचीस, आणखी कोण आलंय ते पाहायला. आमच्या कृष्णाकाठी मोठ्या माणसाला असंच म्हणतात, हे मी तुला किती वेळा समजावलं. तुझं म्हणणं, मी एकटीच तर आहे, हे तुम्ही कोण? ते आता मान्य करतो. उशीर झाला हे खरंच.

आपली पहिली कुरबुर आठवते का? मी इथे सुरतेत नवागामच्या मराठी शाळेत नवाच लागलो होतो. श्रावणातल्या एका सोमवारी वर्गात गेलो तर निम्मा वर्ग रिकामा. दुसऱ्या दिवशी पोरांनी घरून चिठ्ठ्या आणल्या, आणि सगळ्या चिठ्ठ्यांत एकच ओळ: घरी रोट होते म्हणून आलो नाही. आता रोट म्हणजे काय, हे मला माहीत होतं की! आमच्या गावी शनिवारी मारुतीला रोट करतात, गोवऱ्यांच्या निखाऱ्यावर भाजलेला, हाताएवढा जाड. म्हणजे भाकरीचाच थोरला भाऊ. भाकरी होती म्हणून शाळा बुडवली असं कोणी लिहितं का? मी लाल शाईने प्रत्येक चिठ्ठीवर एक भलंमोठं प्रश्नचिन्ह काढलं. संध्याकाळी मोठ्या ऐटीत तुला ते सांगितलं. तू तेव्हा ओट्यावर बसून साडीवर टिकल्या चिकटवत होतीस. एक टिकली चिकटवलीस, दुसरी चिकटवलीस, आणि मग म्हणालीस, की मास्तर, तुला कोणी शिकवलंच नाही वाटतं.

मग मी खोलीतून शब्दकोश आणला. माणसाने किती मूर्ख असावं याला काही मर्यादा असते, पण तेव्हा मी तिशी नुकती ओलांडलेला मराठीचा शिक्षक होतो, त्यामुळे मर्यादा नव्हती. मी वाचून दाखवलं: रोट, पुल्लिंगी, जाड मोठी भाकरी, विशेषतः देवाच्या नैवेद्याची. तू ऐकून घेतलंस. मग मला समजावलंस, की कानबाईसाठी भाऊबंदकीतल्या दर पुरुषामागे सव्वा मूठ गहू घेतात, काल जन्मलेल्या पोराचीसुद्धा मूठ धरतात, ते गहू वेगळे दळतात, पीठ जमिनीवर सांडू देत नाहीत, दर मुठीचा एक रोट होतो, आणि तो भाऊबंदांखेरीज कुणाच्या तोंडी जात नाही. सगळे संपवायचे, उरवायचे नाहीत. 'आमचे त्यांचे रोट एक आहेत' म्हणजे 'आम्ही एका रक्ताचे', असं तुमच्यात म्हणतात. अमळनेरकडून माणसं त्या दोन दिवसांसाठी गाडीने सुरतेला येतात ती काही भाकरी खायला येत नाहीत.

मी म्हणालो, हे सगळं ठीक आहे जिजी, पण शेवटी तव्यावर जे पडतं ती भाकरीच. तेव्हा तू जे बोललीस ते मी त्याच दिवशी वहीत लिहून ठेवलं होतं. वही आत्ता समोर आहे.

"रोट तवावर नही व्हस, मास्तर. मूठ भरी का व्हयना."

मूठ भरली की रोट झाला. मी खाली कंसात लिहिलंय, भाषाशास्त्रीय आधार नाही. हसू नकोस.

त्यानंतर मला या दोन अक्षरांचं वेडच लागलं, आणि ते तूच लावलंस. शाळेतल्या गुजराती शिपायाला विचारलं, तर तो म्हणाला आमचा तो रोटलो, बाजरीचा. आणि पोट भरण्याला ते रोटलो रळवो म्हणतात, म्हणजे कमावायची ती भाकरीच. गल्लीच्या तोंडाशी राहणाऱ्या उत्तरेकडच्या लूमवाल्याने सांगितलं, त्यांच्याकडे हनुमानाला गोड रोट चढतो आणि तो वाटेने जाणाऱ्या कोणालाही देतात. हे मी तुला मुद्दाम दोनदा ऐकवलं: वाटेने जाणाऱ्या कोणालाही. तू म्हणालीस, त्यांचा देव वेगळा, त्याला जोरू ना जाता, त्याला भाऊबंदकी कशी कळणार? आणि टिकल्यांचा डबा बंद करून स्वयंपाकाला उठलीस.

बायकांची मूठ का धरत नाही, यावर तर आपण दर श्रावणात भांडलो. मी म्हणायचो, हा अन्याय आहे. घरात राबणार तुम्ही आणि मोजले जाणार पुरुष. तू चिडायची नाहीस, त्यामुळे मीच जास्त चिडायचो. एकदा तू आपला हात माझ्यासमोर धरलास. टिकल्यांच्या खळीने बोटांची कातडी पांढरी पडली होती. म्हणालीस, "मूठ कोनी भरस? मूठ तं मनीच शे ना." मूठ भरणारीची, म्हणून ती तुझीच, हे मला तेव्हा पटलं नाही आणि आजही पटत नाही. तू गेलीस म्हणून मी तेवढं सोडून देईन असं समजू नकोस. हे भांडण आपलं चालू राहील.

आता प्लेगच्या वर्षाकडे येतो. ते टाळून पुढे जाता येत नाही.

गल्ली कशी रिकामी झाली ते तुला सांगायला नको. लूमचे संचे बंद पडले आणि ज्या आवाजात आपण वर्षानुवर्षं ओरडून बोलायचो तो आवाज गेला, तर माणसं हळू बोलायला लागली. तोंडाला रुमाल, खिशात कॅप्सूलची पाकिटं, आणि जो तो उधना स्टेशनाकडे. नेमका मला ताप भरला. थंडी, हुडहुडी, उलट्या. शेजारपाजारचे लांबूनच विचारायचे, आणि त्यात त्यांचं काही चुकलं असं मी म्हणणार नाही. तुझ्या बोचक्यांना गाठी मारून झाल्या होत्या. भगवान रिक्षा घेऊन आला होता, थोरले दीर आबा आधीच पुढे गेले होते. मी भिंतीच्या अलीकडे पडून सगळं ऐकत होतो. तू जाणार हे मी धरून चाललो होतो, जायलाच हवं होतं. तुझा आवाज आला, "तू जाय रे भगवान. मास्तरले टाकीसन मी नही येस."

आठ दिवस तू मला भाताची पेज पाजलीस. रुमाल बांधा म्हणालो तर म्हणालीस, रुमालात जीव गुदमरतो, मरायचं तर मोकळ्या तोंडाने मरू. शेवटी तो साधा मलेरिया निघाला. आपण दोघं ओट्यावर बसून त्या रिकाम्या गल्लीकडे बघत हसलो होतो, आणि तू म्हणालीस की मास्तरच्या तापालासुद्धा भाषण द्यायची सवय आहे, उगीच लांबला. मी त्यावर आभार मानले का? मानले असावेत, पुस्तकी भाषेत. तुझ्या पायावर डोकं ठेवायला हवं होतं, ते ठेवलं नाही. आमच्या रक्ताची बाई नव्हतीस तू, असा काही विचार केला नव्हता. नुसता संकोच वाटला. संकोच हा फार भिकार गुण आहे.

पुढच्या श्रावणात सगळी भाऊबंदकी परत आली होती. रविवारी तुमच्या घरात कानबाई बसली, सोमवारी पाटावर रोट मांडले. मी दरवर्षीप्रमाणे दाराबाहेर उभा होतो. बघायला परवानगी होती, खायला नव्हती. आबा मोजत होते. घराण्यात पुरुष सतरा. आबांनी मोजले, थांबले, पुन्हा पहिल्यापासून मोजले. अठरा.

"हाऊ अठरावा कोना शे?"

कानबाईच्या रोटांत एक कमी पडणं वाईट, पण एक जास्त होणं त्याहून वाईट, कारण जास्तीचा म्हणजे परका शिरला. सगळ्या बायका तुझ्याकडे बघायला लागल्या, कारण मुठी तू भरल्या होत्यास. जेठासमोर, आबांसमोर, तू आयुष्यात तोंड उघडलं नव्हतंस. डोक्यावरचा पदर आणखी पुढे ओढलास, आणि पदराच्या कडेखालून माझ्याकडे पाहिलंस.

जिजी, मला कळलं होतं. हे मी आज पहिल्यांदा कबूल करतोय. इतके दिवस स्वतःलाही सांगत आलो की मला नंतर उमगलं. तसं नाही. त्याच क्षणी कळलं होतं. एकच शब्द बोलायचा होता मी, 'माझा', आणि आत येऊन पंगतीला बसायचं होतं. आबा खवळले असते, चार जण उठून गेले असते, पण मग ते भांडण माझ्याशी झालं असतं. मी काय केलं? तुझी सुटका करतोय अशा थाटात पुढे झालो आणि म्हणालो, आबा, जिजींची मोजण्यात चूक झाली असेल. एवढं मनावर घेऊ नका, शेवटी रोट म्हणजे जाड भाकरीच की. वर शब्दकोशाचा हवाला दिला.

तुमच्यात अशी चूक कुणी करत नाही. मुठी मोजताना बायका बोलतसुद्धा नाहीत, दर माणसाचं नाव मनात घेऊन मूठ टाकतात. तुझी चूक झाली म्हणणं म्हणजे तू कानबाईसमोर बेसावध होतीस म्हणणं, आणि मी शहाण्याने भर घरात तेच म्हटलं. आबांनी ते उचललं. तुला देवीसमोर नाक घासायला लावलं. चाळीस माणसांदेखत, साठीच्या बाईला. मी तोवर माझ्या खोलीत येऊन वह्या तपासत बसलो होतो. मला ते आठ दिवसांनी भगवानच्या बायकोने, लताने सांगितलं, तेही मी खोदून विचारलं म्हणून.

तो अठरावा रोट कुणी खाणं शक्यच नव्हतं. विसर्जनाला तो तूच ताटात घेऊन गेलीस आणि तापीत सोडलास. परत आलीस तेव्हा मी ओट्यावर होतो. मला वाटलं बोलणार नाहीस. तू पायावर पाणी घेतलंस आणि जाता जाता म्हणालीस, "तुना रोट मासास्नी खादा, मास्तर." एवढंच. मग हसलीस. आणि दाराआड गेल्यावर, मला ऐकू येईल इतपत मोठ्याने, "मी चुकनू नही."

त्यानंतर हा विषय आपल्यात निघाला नाही. चहा तसाच येत राहिला, सणाचं ताट तसंच येत राहिलं, फक्त रोट सोडून. मी मात्र त्या शब्दाचा पिच्छा सोडला नव्हता. कदाचित स्वतःचं म्हणणं सिद्ध झालं तर माझी चूक हलकी होईल, असं मनात असेल. औंदाच्या उन्हाळ्यात शहरातल्या जुन्या वाचनालयात एका वृद्ध गृहस्थांनी मला प्राकृताचा एक जाडजूड कोश काढून दिला. पानं हाताला लागताच तुटत होती. तिथे सापडला, रोट्ट. अर्थ काय असेल सांग? भाकरी नाही. पीठ. तांदळाचं पीठ. भाजायच्या, थापायच्या, मळायच्याही आधीचं. गव्हाचं म्हण की तांदळाचं, पण शब्द तव्यावरून निघालेला नव्हता, जिजी. तो मुठीच्या बाजूचा होता. भाषाशास्त्रीय आधार होता, आणि तू तो शाळेची पायरी न चढता मला अकरा वर्षांपूर्वी दिला होतास.

मी तो उतारा कागदावर लिहून घेतला. तुला दवाखान्यात ठेवलं होतं तेव्हा तो कागद माझ्या खिशात होता. तीन दिवस येत होतो, तुझ्या उशाशी स्टुलावर बसत होतो, आणि उकाडा, पंखा, भगवानचा पगार असल्या गप्पा मारत होतो. म्हटलं, घरी आलीस की ओट्यावर बसून सांगू, तिथे खरी मजा. तू आलीस, पण तशी नाही. कागद अजून त्याच शर्टाच्या खिशात आहे. शर्ट धुवायला टाकलेला नाही.

दहाव्याला तापीकाठी सगळे पुरुष ओळीने बसले होते. न्हाव्याने एकेकाचं डोकं करत माझ्यापर्यंत येऊन विचारलं, तुम्ही बसणार? मी म्हणालो, मी बाहेरचा. आबांनी ऐकलं. नुसतं माझ्याकडे बघत राहिले. मुंडण केलेल्या डोक्याने आबा फार म्हातारे दिसत होते. आता वाटतं, तुझ्या अठराव्याचा हिशेब त्यांनाही तेव्हाच लागला असावा, नाहीतर काल भगवानला विचारायला पाठवलं नसतं. 'तुमनी धरू का नको' हे भगवानच्या मनाने यायचं नाही. तो लहानपणापासून आबांना विचारल्याशिवाय केस कापत नाही.

मला ठाऊक आहे, हो म्हणणं सोपं नाही. मूठ धरली की नुसतं जेवणाचं पान मिळत नाही. तुमच्या घरातल्या दर मरणाचं सुतक मला लागेल, दर दहाव्याला मला नदीवर बसावं लागेल, आणि घराण्यातली चार माणसं मरेपर्यंत म्हणतील की मास्तर कुठला कोण. म्हणू देत. शिवाय माझ्या गावी कळलं तर आमचे चुलते विचारतील, आपली भाऊबंदकी कमी पडली का? त्यांना मी सांगेन, तापात मला पेज कुणी पाजली ते. रडायचं होतं ते इतके दिवस रडून झालं. आता एकदा तोंड उघडायचं आहे.

संध्याकाळ. इतकं लिहून थांबलो होतो, आता जाऊन आलो, तेवढं सांगतो आणि पुरं करतो.

आबा ओट्यावर बसले होते. भगवान बाजूला, लता दाराच्या आत गव्हाचं सूप घेऊन. घाबरली होती बिचारी. या घरात मुठी भरायची तिची पहिलीच वेळ. मी चपला काढल्या. खोलीतून निघताना दोन वाक्यं जुळवून नेली होती, प्राकृतासकट. आबांना बघितल्यावर दोन्ही विसरलो. मी म्हणालो, "आबा, तो अठरावा रोट माझा होता. जिजी चुकली नव्हती. मीच गप्प बसलो."

आबांनी मला काही न विचारता लताला सांगितलं, की औंदा भगवानच्या पोराची एक मूठ वाढली, सतराच्या अठरा झाल्या. त्यावर मास्तरची धर, एकोणीस. आणि मला म्हणाले, कानबाईसमोर नाक घासावं लागेल. मी म्हणालो, त्यासाठीच आलोय.

लता मला हळूच विचारत होती, सर, सव्वा मूठ म्हणजे नक्की किती? तिचा हात लहान आहे. मी म्हणालो, मला काय विचारतेस, जिजीचा हात आठव. तिने सुपात हात घातला आणि डोळे मिटून एकेक नाव घेत मुठी बाजूला टाकायला लागली. तिचे ओठ हलताना मी मोजत होतो. एकोणीस झाल्या. मग ती थांबली, माझ्याकडे पाहिलं, आणि आबांकडे पाठ करून आणखी एक मूठ टाकली. त्या मुठीला तिने तुझं नाव घेतलं, ते मला ओठांवरून कळलं.

सोमवारी आबा मोजतील. विसावा कुणाचा म्हणून विचारतील. जिजी, या वेळी मी दाराबाहेर नसेन.